बटाट्यात हॅम किती घालावे?



नाताळाच्या सुट्टीत एका शेतकरी घरी मला जेवणाचे बोलावणे होते. घरचा धाकटा मुलगा जहाजावरच्या स्वयंपाकघरात नोकरीला आहे. तो रजेवर आला होता आणि त्या दिवशी चूल त्याच्या ताब्यात होती. त्याने बटाट्याच्या चकत्या, हॅमचे तुकडे, चीज आणि भरपूर तिखट असे थरावर थर लावून भट्टीत भाजलेला एक पदार्थ केला होता. "हा कॅसरोल, फादर," तो म्हणाला. त्याची आई हसून म्हणाली, "आमच्याकडे कॅसरोल म्हणजे चपात्या ठेवायचा डबा. आता तो खायचा पण असतो, हे आज कळले!" माउलीचे काही चुकले नव्हते. कॅसरोल हे मुळात फ्रेंच भाषेतले भांड्याचे नाव, त्यावरून भांड्यात भाजलेल्या पदार्थालाही तेच नाव पडले.

पदार्थ चवीला उत्तम होता. मी दोनदा घेतला हे कबूल करतो. पण त्या रात्री मी तीन तांबे पाणी प्यालो आणि मग अंथरुणावर पडल्या पडल्या हिशेब करू लागलो. मुलाने सकाळी मोठ्या कौतुकाने सारे प्रमाण मला सांगितले होते. सहा माणसांसाठी हॅम अर्धा किलो, चीज चारशे ग्रॅम आणि वर "बटाटा आळणी लागतो म्हणून" दोन चमचे मीठ. हॅम हे मिठात मुरवलेले मांस. शंभर ग्रॅम हॅममध्ये साधारण अडीच ते तीन ग्रॅम मीठ असते. पाकिटातल्या चीजमध्येही शंभर ग्रॅमला सुमारे ३ ग्रॅम मिठाइतका खार असतो. म्हणजे हॅमचे १३ ग्रॅम, चीजचे १२ ग्रॅम आणि चमच्याने घातलेले १० ग्रॅम, सारे मिळून ३५. सहा माणसांत वाटले तर प्रत्येकाच्या पोटात जवळजवळ ६ ग्रॅम मीठ एका पदार्थातून गेले. जागतिक आरोग्य संघटना म्हणते की मोठ्या माणसाने सबंध दिवसात मिळून ५ ग्रॅमपेक्षा, म्हणजे सपाट एका लहान चमच्यापेक्षा, कमी मीठ खावे. आणि त्याच पंगतीत लोणचे होते, पापड होता, सुक्या बांगड्याची किसमूरही होती.

त्या घरचे मालक पंचावन्नचे आहेत. रक्तदाबाची गोळी घेतात, म्हणजे आठवण झाली तर घेतात. मला ती थाळी विसरता आली नाही याचे खरे कारण हेच. महिन्याच्या पहिल्या शुक्रवारी मी आजाऱ्यांना कम्युनियन द्यायला घरोघर जातो. त्यांतील काहीजण अर्धांगवायूने अंथरुणाला खिळलेले आहेत. कोणी पन्नाशीचा, कोणी जेमतेम पंचेचाळिशीचा. ज्या हातांनी नांगर धरला त्या हाताला आता पेला धरवत नाही. वाढलेला रक्तदाब हे अर्धांगाचे एक मोठे कारण आहे, जादा मीठ रक्तदाब वाढवते, आणि दाब वाढलेला आहे हे बहुतेकांना झटका येईपर्यंत कळतच नाही, कारण त्याने दुखत काहीच नाही.

म्हणून हा पदार्थ करू नका, असे मी सांगणार असे तुम्हाला वाटले असेल. तसे मुळीच नाही. माझे म्हणणे एवढेच की हा बटाट्याचा पदार्थ आहे, तो बटाट्याचाच राहू द्यावा. हॅम त्यात मिठाच्या जागी वापरावे, भाजीच्या जागी नव्हे. हॅम घातले की मिठाचा डबा फळीवरून खाली काढूच नये.

आपल्या घरात मात्र उलटे होते. बटाटा आपल्या शेतातला, म्हणून तो गरिबाचा. हॅम शहरातून आणलेले, म्हणून ते प्रतिष्ठेचे. पाहुण्याच्या ताटात हॅम कमी दिसले तर काय म्हणतील, ही भीती असते. बेळगाव-खानापूरच्या तांबड्या मातीतला जवारी बटाटा बाजारात इंदूर-आग्र्याच्या बटाट्याशेजारी मानाने बसतो, पण आपल्याच पंगतीत त्याला मान नाही. काढणीला भाव पडला की पोतीच्या पोती मिळेल त्या दराला द्यायची आणि त्या पैशातून अर्धा किलो हॅम आणायचे, हा व्यवहार मला तरी समजत नाही. तसे पाहिले तर बटाटा आणि मिरची दोन्ही अमेरिका खंडातल्या. पोर्तुगीजांनी त्या इकडे आणल्या, आणि 'बटाटा' हा शब्दसुद्धा त्यांच्याच भाषेतून आपल्याकडे आला. तेव्हा या पदार्थातले निम्मे साहित्य कधीच आपले झालेले आहे. उरले हॅम आणि चीज, त्यांना पाहुण्यासारखे थोडके वागवावे.

आता प्रमाण सांगतो. सेमिनरीत असताना आम्हाला आळीपाळीने स्वयंपाकघरात राबावे लागे, त्यामुळे हा अधिकार मला आहे असे मी समजतो.

सहा माणसांना बटाटा सव्वा किलो, हॅम दीडशे ग्रॅम, चीज शंभर ग्रॅम, दूध अर्धा लिटर, तीन कांदे, लसणाच्या आठ-दहा पाकळ्या, चार हिरव्या मिरच्या, एक चमचा ब्याडगीची पूड, मिरी आणि चिमूटभर जायफळ. ब्याडगीने रंग छान येतो आणि ती फार जाळत नाही. ज्यांना झणझणीत हवे त्यांनी संकेश्वरी घ्यावी, पण हात आखडता ठेवून. बटाट्याच्या पेन्सिलीएवढ्या जाड चकत्या करून उकळत्या पाण्यात सहा-सात मिनिटे टाकाव्या आणि निथळून घ्याव्या. कच्च्या चकत्या थेट भट्टीत घातल्या तर वरचे चीज करपते आणि खालचा बटाटा दाताखाली कचकच करतो. नवख्यांची फजिती बहुधा इथेच होते.

हॅमचे मोठे तुकडे घालू नयेत. हरभऱ्याच्या डाळीएवढे बारीक चिरावे आणि कांदा, लसूण, मिरचीबरोबर थोड्या तेलात परतावे. मोठा तुकडा ज्याच्या ताटात गेला त्यालाच चव लागते. बारीक केलेल्या हॅमची चरबी सुटते, ती कांद्यात उतरते आणि चव साऱ्या बटाट्याला लागते. दीडशे ग्रॅममध्ये अर्ध्या किलोचे काम होते ते असे.

दुसऱ्या भांड्यात दोन चमचे घरच्या लोण्यावर दोन चमचे मैदा मंद आचेवर परतावा आणि थोडे थोडे दूध घालत ढवळावे. म्हशीचे दूध असेल तर त्यात पाव भाग पाणी घालावे. दाटसर झाले की भांडे खाली उतरवावे आणि मगच किसलेले चीज मिसळावे. उकळत्यात टाकले तर चीजची तार होते आणि तेल वेगळे होते. कित्येक गृहिणी हौसेने यात रेशाद मसाला घालतात. त्यात शिरका असतो, शिरक्याने दूध फाटते आणि मग "फादरांची कृती बिघडली" असे ऐकू येते. रेशाद हवाच असेल तर तो कांद्याबरोबर चांगला परतून घ्यावा, दुधात कालवू नये. चीज महाग पडते म्हणून नुसते पनीर घातले तर ते वितळणार नाही, कारण आंबट घालून नासवलेल्या दुधाचा तो स्वभावच आहे. पण निम्मे चीज आणि निम्मे घरचे कुस्करलेले पनीर घेतले तर वरचा थर छान होतो आणि मीठही आणखी कमी जाते.

जाड बुडाच्या पातेल्याला लोणी लावून बटाटा, हॅम-कांदा, दूध-चीज असे थर लावावे. भट्टी असेल तर १८० अंशांवर झाकून चाळीस मिनिटे आणि झाकण काढून दहा-पंधरा मिनिटे. नसेल तर तव्यावर वाळूचा थर देऊन त्यावर पातेले ठेवावे आणि झाकणावर निखारे घालावे. आपल्या आज्या केक असेच भाजत. हिशेब केलात तर दिसेल की या प्रमाणाने माणशी मीठ सव्वा ग्रॅमच्या आसपास पडते. आळणी लागते का ते खाऊन सांगावे. बटाट्याचे गरम पाणी, लसूण, मिरची आणि हॅम यांनी जिभेला पुरेसे काम मिळते.

प्रायश्चित्तकाळातल्या शुक्रवारी हॅम वगळून आळंबी किंवा वांगे घालावे. तेव्हा मात्र अर्धा चमचा मीठ लागेल.

"वर्षातून एकदाच तर खातो, फादर," असे कोणी म्हणेल. खरोखर एकदाच खात असाल तर माझी हरकत नाही. २०१५ साली जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संशोधन संस्थेने हॅमसारखे खारवलेले, टिकवलेले मांस आतड्याच्या कर्करोगाला कारण ठरते असे जाहीर केले. पण तो धोका मुख्यतः रोजच्या खाण्याने वाढत जातो, सणाच्या घासाने घाबरण्याचे कारण नाही. अडचण अशी आहे की आपला 'एकदाच' हा नाताळाला एकदा, ईस्टरला एकदा, लग्नाला एकदा, फेस्ताला एकदा असा असतो आणि मधल्या दिवसांत चोरीस, सुके मासे आणि फरसाण असतेच.

काही घरी डुकरे पाळतात. हॅमऐवजी घरचे मांस रात्रभर मीठ-मिरीत ठेवून, पूर्ण शिजवून घातले तरी चालते. आतला गुलाबी रंग जाईपर्यंत ते शिजले पाहिजे. मांसात साबुदाण्यासारखे पांढरे दाणे दिसले तर ते मांस कितीही महाग असो, खाऊ नये आणि विकूही नये. ती पट्टकृमीची पिल्ले आहेत. असे मांस कच्चे राहिले तर माणसाच्या आतड्यात पट्टकृमी वाढतो. त्या माणसाच्या शौचातून अंडी बाहेर पडतात, आणि ती न धुतलेल्या हातांतून किंवा भाजीतून कोणाच्याही पोटात गेली तर मेंदूत गाठी होऊन फिट्स येऊ शकतात. ज्याने जन्मात डुकराचे मांस खाल्ले नाही त्यालाही त्या येऊ शकतात. म्हणून डुकरे मोकळी सोडू नयेत आणि शेतातला माणूससुद्धा संडासातच गेला पाहिजे. फिट येणाऱ्या मुलाला बाहेरची बाधा म्हणून इकडेतिकडे फिरवण्याआधी डॉक्टरकडे न्यावे. याला औषध आहे.

बटाटा निवडताना हिरवी झाक आलेला घेऊ नये. उजेडात पडून राहिलेल्या बटाट्यात जो विषारी कडवटपणा येतो तो शिजवून जात नाही. थोडाच हिरवा असेल तर जाड साल काढून टाकावी, कडू लागला तर सरळ फेकून द्यावा. मधुमेह असलेल्यांनी या पदार्थाबरोबर भात-चपाती घेऊ नये. ताटातला बटाटा हाच त्यांचा भात.

उरलेले पातेले रात्रभर ओट्यावर ठेवू नये. दूध आणि मांस एकत्र आहे, दोन तासांच्या आत ते थंडाव्यात गेले पाहिजे आणि दुसऱ्या दिवशी वाफ येईपर्यंत गरम झाले पाहिजे. त्याहून बरे म्हणजे सकाळी ते कुस्करून, चपटे गोळे करून, रव्यात घोळवून तव्यावर खरपूस भाजावे. मुले शाळेच्या डब्यात आवडीने नेतात.