फोटो तुमचा, पण सिनेमा कॅमेरामनचा नाही

आत्ता मोबाइल काढून समोरच्या चहाच्या कपाचा फोटो काढलात, तर कायद्याच्या दृष्टीने त्या फोटोचे कर्ते तुम्ही. आपल्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात छायाचित्राचा कर्ता म्हणजे ते काढणारी व्यक्ती. आणि लगेच पुढच्या ओळीत, सिनेमाचा कर्ता कोण? निर्माता. सेकंदाला चोवीस चित्रं टिपणारा कॅमेरामन तिथे कुणीच नाही.

हे आठवायचं कारण व्ही. के. मूर्ती. परवा रात्री 'कागज के फूल' पुन्हा पाहिला.

मूर्ती म्हैसूरचे, जन्म १९२३. बंगळुरूच्या पॉलिटेक्निकमध्ये सिनेमॅटोग्राफी शिकले आणि मुंबईला आले. १९५१ च्या 'बाजी'त ते व्ही. रात्रांचे असिस्टंट होते. त्यातल्या एका गाण्यात आरशातल्या प्रतिबिंबाचा अवघड शॉट त्यांनी सुचवला आणि स्वतः घेऊनही दाखवला. गुरुदत्तनी हा माणूस हेरला आणि पुढच्याच 'जाल'मध्ये कॅमेरा त्यांच्या हातात दिला. मग 'प्यासा', 'कागज के फूल', 'साहिब बीबी और गुलाम'. यातल्या शेवटच्या दोन्हींसाठी मूर्तींना फिल्मफेअर मिळालं.

'कागज के फूल' (१९५९) हा भारतातला पहिला सिनेमास्कोप. त्यातला रिकाम्या स्टुडिओत वरून तिरका उतरणारा उजेडाचा झोत सगळ्यांना माहीत आहे. तो दिव्याचा नाही. मूर्तींनी दोन मोठे आरसे लावले, बाहेरचं ऊन एकावरून दुसऱ्यावर घेतलं आणि तिथून आत सोडलं. बस्स. दोन माणसांमधलं अंतर एकही संवाद न बोलता कळतं. हे पटकथेत लिहून येत नाही हो, तिथे कुणाला तरी ते दिसावं लागतं. 'साहिब बीबी'तल्या मुजऱ्यात मीनू मुमताज उजेडात आणि मागच्या सगळ्या नर्तकी काळोखात. तो काळोखही कुणीतरी मोजूनमापून ठेवलाय.

१९६४ ला गुरुदत्त गेले. मूर्ती काम करतच राहिले. 'लव्ह इन टोकियो', 'जुगनू'सारखे चकचकीत रंगीत सिनेमे केले. पोट सगळ्यांनाच असतं. त्यांच्या हाताखाली शिकलेले गोविंद निहलानी पुढे 'आक्रोश', 'अर्धसत्य'वाले निहलानी झाले. मूर्तींना २००८ चा फाळके पुरस्कार मिळाला. छायालेखनासाठी हा पुरस्कार मिळालेले ते पहिलेच. पुरस्कार सुरू झाला १९६९ ला, आणि आहे कुणाच्या नावाने? गोध्र्याला फोटो स्टुडिओ चालवलेल्या माणसाच्या!

पण सन्मान वेगळा, हक्क वेगळा. 'कागज के फूल' मी पहिल्यांदा पाहिला तो टीव्हीवर, चौकोनी पडद्यात बसवायला दोन्ही बाजूंनी कापलेला. सिनेमास्कोप चौकोनी केला की चाळीस टक्क्यांहून जास्त चित्र जातं. मूर्तींनी कडेला उभा केलेला माणूसच गायब! २००४ ला 'मुघल-ए-आझम' रंगवला. लोकांना आवडला, मलाही आवडला. पण आर. डी. माथुर यांनी कृष्णधवल ठेवलेल्या भागात कुठला रंग भरायचा, याला कायद्याने छायालेखकाची परवानगी लागतच नाही. २०२५ ला 'रांझणा'चा शेवट एआयने बदलून तमिळमध्ये पुन्हा प्रदर्शित केला. दिग्दर्शक आनंद राय यांनी जाहीर विरोध केला तरी झालंच. जिथे दिग्दर्शकाचं चालत नाही, तिथे कॅमेरामनला कोण विचारतो?

यावर नेहमीचं उत्तर असतं: पैसा निर्मात्याचा, कॅमेरामनने मेहनताना घेतला, विषय संपला. मग उद्या लाइटमनही हक्क मागेल. अगदी हेच गीतकार-संगीतकारांना वर्षानुवर्षं ऐकवलं जात होतं. २०१२ ला कायदा बदलला. थिएटरबाहेर गाणं वाजलं की त्याच्या रॉयल्टीतला वाटा त्यांना सोडूनच देता येणार नाही, अशी तरतूद झाली. नटांनाही कलाकार म्हणून नैतिक हक्क मिळाले. निर्माते काही बुडाले नाहीत. त्याच विधेयकाच्या २०१० च्या मसुद्यात दिग्दर्शकाला सहकर्ता करायचा प्रस्ताव होता, तोही शेवटी गळला. छायालेखकाचं नाव तर यादीत नव्हतंच.

बाहेर असं नाही. पोलंडच्या कायद्यात सिनेमाच्या सहकर्त्यांमध्ये छायालेखकाचा स्पष्ट उल्लेख आहे. जर्मनीत 'दास बूट'चे कॅमेरामन योस्ट वाकानो यांनी सिनेमाच्या अफाट कमाईतला वाढीव मोबदला मागत वर्षानुवर्षं कोर्टात झुंज दिली आणि कोर्टाने त्यांचा हक्क मानला.

रॉयल्टीचा हिशोब किचकट आहे, मान्य. तो हवं तर नंतर करा. पण चौकट कापताना, रंग भरताना, जुना सिनेमा डिजिटल करताना उजेड-काळोख किती ठेवायचा हे ठरवताना छायालेखक हयात असेल तर त्याला विचारणं बंधनकारक करा. हयात नसेल तर त्याच्या असिस्टंटला, त्याच्या टिपणांना विचारा. आणि ओटीटीवर सिनेमाखाली नटांची आठ नावं येतात, तिथे नववं टाकायला जागा नाही असं कोण म्हणेल?

मूर्ती २०१४ च्या एप्रिलमध्ये बंगळुरूत गेले. 'कागज के फूल' आज यूट्यूबवर फुकट सापडतो, एकेका कॉपीत काळोखाचा पार राखाडी झालेला. तो झोत शोधून बघा, आणि सापडलेल्या कॉपीत वर्णनात मूर्तींचं नाव आहे का तेही बघून कमेंटमध्ये सांगा.