सुई टोचणाऱ्या हातावर ओरडण्याआधी

गेले चार दिवस आपल्या गावच्या ग्रुपवर एक व्हिडिओ फिरतोय. तुम्हीही पाहिला असेल. दीडेक वर्षाचं बाळ रडतंय, एक शिकाऊ सिस्टर त्याच्या हाताला सलाईनची सुई लावायचा प्रयत्न करतेय आणि मागून आवाज येतोय, "येत नाही तर आलीस कशाला? तिसऱ्यांदा टोचतीय!" पुढे शिव्या. खालच्या कमेंट त्याहून वाईट.

मी २२ वर्षं सरकारी दवाखान्यात स्टाफ नर्स आहे. व्हिडिओतला दवाखाना माझा नाही, ती मुलगीही माझ्या ओळखीची नाही. कुणाला वाचवायला लिहीत नाहीये. दोन्ही बाजूंना थोडं झोंबेल असंच लिहिणार आहे, म्हणून शेवटपर्यंत वाचा.

आधी आमच्या बाजूची चूक. एकाच माणसाने तीनदा टोचणं बरोबर नाही. आम्हाला शिकवलेला साधा नियम आहे: दोनदा प्रयत्न करायचा, नाही जमलं तर बाजूला व्हायचं आणि आपल्यापेक्षा हात बसलेल्या माणसाला बोलवायचं. त्यात कमीपणा नाही. आजही मला एखादी शीर सापडली नाही तर मी भूल देणाऱ्या डॉक्टरांना हाक मारते. मग त्या मुलीने का नाही मारली? व्हिडिओ पुन्हा बघा. तिच्या आजूबाजूला आठ नातेवाईक आहेत, एकही सिनियर सिस्टर नाही. हाक मारायची कुणाला? शिकाऊ मुलीला लहान मुलाच्या हाताशी एकटी सोडली कुणी, हा खरा प्रश्न आहे. तो चारशे कमेंटमध्ये एकानेही विचारला नाही.

आता तुम्हाला न दिसणारी गोष्ट सांगते. जुलाब-उलट्या झालेल्या बाळाच्या अंगातलं पाणी कमी झालेलं असतं, त्यामुळे शिरा बसून गेलेल्या असतात. हात गुबगुबीत, शीर वरून दिसत नाही. बाळ हात झटकतं. अशा हाताला आम्ही पिवळी सुई वापरतो, २४ नंबरची. तिची जाडी ०.७ मिलिमीटर. जिच्यात ती घालायची ती शीरही दोऱ्याएवढीच. त्यात कुणीतरी मोबाईल तोंडासमोर धरलेला. पंधरा-वीस वर्षांचा अनुभव असलेल्या बाईचाही हात थरथरेल.

आणि एक गैरसमज काढून टाका. लावल्यावर सुई हातात राहत नाही. सुई बाहेर येते, आत राहते ती मऊ प्लास्टिकची बारीक नळी. तिला आम्ही इंट्राकॅथ म्हणतो. त्यामुळे "सुई मोडेल" म्हणून हात काठीसारखा ताठ धरून बसायची गरज नसते.

आता माझी स्वतःची चूक सांगते. बऱ्याच वर्षांपूर्वीची आहे, पण विसरले नाही.

एक मावशी तापाने ॲडमिट झाल्या होत्या. बाजारात भाजी विकायच्या. तिसऱ्या दिवशी ताप उतरला होता, जेवत होत्या, गोळ्या घेऊ शकत होत्या. रात्री मला म्हणाल्या, "सिस्टर, हात ठणकतोय." वॉर्डात ४६ पेशंट आणि आम्ही दोघी. मी लांबूनच म्हणाले, "होतं मावशी, सकाळी बघू." सकाळी पट्टी काढली तर शीर लालभडक, दोरीसारखी कडक झालेली आणि टोचलेल्या जागी पू. त्या आणखी आठ दिवस दवाखान्यात राहिल्या. ताप कधीच गेला होता. आठ दिवस राहिल्या त्या आम्ही लावलेल्या नळीमुळे. आठ दिवसांचा धंदा बुडाला. मला एक शब्द बोलल्या नाहीत, उलट जाताना कोथिंबिरीची जुडी देऊन गेल्या. शिव्या दिल्या असत्या तर बरं वाटलं असतं.

तेव्हापासून मी स्वतःला एक सवय लावून घेतली. ड्यूटीवर आल्याबरोबर प्रत्येक पेशंटच्या हाताकडे बघायचं आणि मनात एकच विचारायचं: ही नळी आज कशासाठी आहे? उत्तर मिळालं नाही तर डॉक्टरांना विचारायचं आणि काढून टाकायची. "असू दे, लागली तर" हे उत्तर नाही. नळी म्हणजे कातडीला पाडलेलं भोक आहे, आणि त्यातून औषध आत जातं तसे जंतूही जातात. जागतिक आरोग्य संघटनेने २०२४ साली हातातल्या या साध्या नळीच्या संसर्गासाठी वेगळी मार्गदर्शक तत्त्वं काढली. म्हणजे "साधी सुई तर आहे" असं म्हणायची सोय आता कुणालाच नाही.

आता तुमच्याकडे वळते.

आपल्याकडे बऱ्याच लोकांना ही सुई गरज नसताना लागते, आणि ती तुम्ही मागून घेता. "अशक्तपणा आलाय, एक बाटली चढवा की." ऊसतोडीचा सीझन संपला की रांग लागते. डॉक्टर नाही म्हणाले तर त्यांना काही येत नाही, आणि शेजारचा बाटली लावतो म्हणून तो हुशार. त्या अर्ध्या लिटरच्या ग्लुकोज-सलाईनच्या बाटलीत काय असतं माहीत आहे? २५ ग्रॅम साखर, साडेचार ग्रॅम मीठ, बाकी शुद्ध पाणी. म्हणजे पाच-सहा चमचे साखर आणि चमचाभरालाही कमी मीठ. ज्याला तोंडाने पिता येतं त्याने लिंबू सरबत प्यावं आणि भाकरी खावी. ताकद भाकरीत जास्त आहे. बाटलीनंतर जी तरतरी येते ती बहुतेक तासभर पंख्याखाली आडवं पडल्याची असते.

सलाईन वाईट आहे असं मी म्हणत नाही. अपघातात रक्त गेलेल्याला, शुद्ध हरपलेल्याला, उलट्या थांबतच नाहीत अशा बाळाला त्याच नळीने जीव मिळतो. पण जुलाब झालेल्या बहुतेक मुलांना तोंडाने दिलेलं पाणी पुरतं, हे आपल्याच देशातल्या एका डॉक्टरने दाखवून दिलं. १९७१ साली बांगलादेशातून आलेल्या निर्वासितांच्या छावणीत, बंगालमधल्या बनगावला, कॉलऱ्याची साथ होती आणि सलाईनच्या बाटल्या संपत आल्या होत्या. डॉ. दिलीप महालनबीस यांनी मीठ, साखर आणि खायच्या सोड्याचं पाणी पिंपात भरून नातेवाइकांच्या हातून पेशंटना पाजलं. शंभरात तीस माणसं मरत होती, ते प्रमाण चाराच्या खाली आलं. त्यांना २०२३ मध्ये मरणोत्तर पद्मविभूषण मिळालं. त्यांनी वाचवलेल्या कित्येकांना सुई टोचावीच लागली नाही. आपण मात्र ओआरएसची पुडी फुकट मिळते म्हणून तिला औषधच मानत नाही.

दुसरी नळी लघवीची. तिच्याबद्दल कुणी उघड बोलत नाही, म्हणून मी बोलते. म्हातारे वडील ॲडमिट झाले की रात्री तीनदा उठवायला नको म्हणून नातेवाईक विचारतात, "सिस्टर, नळी टाकून द्या ना." कधी अंथरूण बदलायला माणूस नाही म्हणून आम्हीच टाकतो. दोघांची सोय होते, भोगतं ते म्हातारं माणूस. नळी जितके दिवस आत, तितका लघवीत जंतू होण्याचा धोका वाढत जातो, दर दिवसाला साधारण ३ ते ७ टक्के. वयस्कर माणूस आधीच थोडं गोंधळलेलं असतं, रात्री ते नळी ओढतं. आत पाण्याचा फुगा असतो. तो फुगलेला असताना नळी ओढली की काय होतं ते मी पाहिलंय, इथे लिहीत नाही. लघवी अडलीय, मोठं ऑपरेशन झालंय, तासातासाला लघवी मोजायचीय, अशा वेळी नळी हवीच. रात्रीची झोप मोडते म्हणून नको. त्यापेक्षा दोन रुपये जास्त गेले तरी चालतील, भांडं घ्या.

मग करायचं काय? तुम्ही एवढं करा.

रोज राउंडला विचारा, "ही नळी अजून लागणार आहे का? काढता येईल का?" हा उद्धटपणा नाही. तुमच्या पेशंटवर काय चाललंय हे जाणून घ्यायचा तुमचा हक्क आहे, आणि रुग्ण हक्कांची सनद दर्शनी भागात लावणं २०२१ पासून आपल्या राज्यातल्या खाजगी दवाखान्यांनाही बंधनकारक आहे.

पट्टीवर तारीख नसेल तर "कधी लावलीय?" विचारा. हात दुखला, लाल झाला, सुजला, गरम लागला की लगेच सांगा. आमच्यासारखीने "सकाळी बघू" म्हटलं तर पुन्हा सांगा.

सलाईन स्वतः जोरात-हळू करू नका. संपली की नळी स्वतः उपसू नका.

स्ट्रेचरवरून नेताना लघवीची पिशवी पेशंटच्या पोटावर ठेवू नका. लघवी उलटी आत जाते. पिशवी कायम कमरेच्या खाली हवी, पण जमिनीला टेकलेली नको.

मुलाला सुई लावताना एकाने बाळ नीट धरा, बाकीचे बाहेर थांबा. मोबाईल खिशात ठेवा. आणि दोनदा झाल्यावर शांतपणे म्हणा, "ताई, दुसऱ्या कुणाला बोलवता का?" या एका वाक्याने जे होतं ते शिव्यांनी होत नाही. ओढाताणीत ती सुई आम्हालाच टोचली तर काविळीपासून एचआयव्हीपर्यंत सगळ्याच्या तपासण्या आमच्या वाट्याला येतात, हेही लक्षात असू द्या.

आणि प्रशासनाने एवढं करावं. शिकाऊ मुलींना आधी डमी हातावर पुरेसा सराव द्या, मग वॉर्डात पाठवा, आणि पाठवाल तेव्हा सोबत सिनियर द्या. लहान मुलांच्या पिवळ्या सुया स्टोअरमध्ये संपू देऊ नका. रिकाम्या जागा भरा, कारण ४६ पेशंटना दोन सिस्टर असतील तर सकाळी माझ्यासारखीच चूक होणार. दवाखान्यात हल्ला करणाऱ्याला तीन वर्षांपर्यंत शिक्षा देणारा कायदा २०१० पासून आपल्या राज्यात आहे. तो हवाच. पण कायद्याने शीर सापडत नाही. शीर सापडते शिकवल्याने, वेळ मिळाल्याने आणि मागे कुणीतरी उभं असल्याने.

त्या व्हिडिओतली मुलगी बहुतेक विशी-बाविशीची असेल. कुणाच्या तरी घरातून कर्ज काढून शिकायला आली असेल. चार दिवसांत तिचा चेहरा तालुक्याच्या प्रत्येक मोबाईलवर गेलाय. ती हे काम सोडून गेली तर पुढच्या उन्हाळ्यात जुलाबाने सुकलेलं मूल घेऊन आपण येऊ तेव्हा वॉर्डात एक हात कमी असेल.

तुमच्याकडे तो व्हिडिओ असेल तर पुढे पाठवू नका. डिलीट करा. एवढी एकच विनंती.