टाळीची पावती

टेंभुर्णीत काय किंवा जाफराबादेत काय, भारत-पाकिस्तान सामना असला की हॉटेलातल्या टीव्हीपुढे गर्दी होते. त्या गर्दीत आम्हीही असतो. विकेट पडली की सगळेच ओरडतात. पण दोन-चार नजरा आमच्या तोंडाकडे लागलेल्या असतात. टाळी जरा उशिरा वाजली की हसत हसत विचारणा होते, "काय मियाँभाई, आज कुणाकडून?" गंमतच म्हणायची. फक्त ती दुसऱ्या कुणाची होत नाही.

ऑलिंपिकची सनद सांगते की ही स्पर्धा खेळाडूंची आहे, देशांची नव्हे. वाचायला छान! १९३६ साली हिटलरने बर्लिनमध्ये याच खेळांची जत्रा भरवून घेतली. १९८० साली अमेरिकेने मॉस्कोवर बहिष्कार टाकला, १९८४ साली सोव्हिएत रशियाने लॉस एंजेलिसवर. १९९१ साली आपल्या मुंबईत तर वानखेडेची खेळपट्टीच उखडली. खेळात राजकारण आम्ही आणले नाही. हिशेब मात्र आमच्याकडे मागतात.

हिशेबच हवा तर घ्या. १९७५, क्वालालंपूर, हॉकीचा विश्वचषक. उपांत्य सामन्यात मलेशियाविरुद्ध भारत मागे पडलेला, वेळ संपत आलेली. राखीव अस्लम शेरखान मैदानात उतरला आणि त्याने बरोबरी करून दिली. तो गोल नसता तर अंतिम सामन्यात पाकिस्तानला २-१ ने हरवायची वेळच आली नसती. मॉस्कोच्या सुवर्णपदकात मोहम्मद शाहिद होता, जफर इक्बाल होता. तरी २०२१ साली दुबईत दहा गडी राखून हरले अकरा जण आणि शिव्या खाल्ल्या मोहम्मद शमीने.

पण हा हिशेब द्यावा लागतो यातच आमचा अपमान आहे. अस्लमचा गोल हा काही साऱ्या जमातीचा जामीन नव्हे. आमच्यात पाकिस्तान जिंकल्यावर खूष होणारा एखादा असेलही. त्याचे उत्तर त्याने द्यावे, आमच्या पोरांनी का द्यावे?

आणि संशयाची ही चटक आमच्यापाशीच थांबते असेही नाही. १९८२ च्या आशियाई स्पर्धेत दिल्लीत पाकिस्तानकडून ७-१ अशी हार झाली, तेव्हा गोलरक्षक मीररंजन नेगीवर सामना विकल्याचा आळ आला. नेगी काही मुसलमान नव्हता. २०२४ साली पॅरिसला भालाफेकीत पाकिस्तानच्या अर्शद नदीमला सुवर्ण आणि नीरज चोप्राला रौप्य मिळाले, तेव्हा नीरजची आई म्हणाली, तोही आमचाच मुलगा. साऱ्या देशाने त्या माउलीचे कौतुक केले. वर्ष उलटायच्या आत, २०२५ च्या एप्रिलमध्ये, अर्शदला स्पर्धेचे आमंत्रण दिले म्हणून नीरजला देशप्रेमाचा खुलासा करावा लागला आणि त्याच आईला त्याच वाक्यासाठी लोकांनी धारेवर धरले.