बॉम्बे हायचं वय

जुहूच्या हेलिबेसवरून हेलिकॉप्टरं समुद्राकडे झेपावतात. त्यांत बसलेला कामगार चौदा दिवस प्लॅटफॉर्मवर राहणार आणि पुढचे चौदा दिवस घरी. किनाऱ्यापासून सुमारे 160 किलोमीटरवर असलेल्या ‘बॉम्बे हाय’ या तेलक्षेत्राचा वायू उरणला उतरतो आणि तिथून खत कारखान्यापासून मुंबईकरांच्या शेगडीपर्यंत पोहोचतो. ‘सागर सम्राट’ या खोदकाम करणाऱ्या रिगला इथं तेल लागलं फेब्रुवारी 1974 मध्ये, उत्पादन सुरू झालं मे 1976 मध्ये. मार्च 1985 मध्ये दिवसाला 4 लाख 71 हजार बॅरल तेल निघत होतं. एप्रिल 2024 मध्ये तो आकडा 1 लाख 34 हजारांवर आला होता.

ही घसरण म्हणजे निव्वळ गलथानपणा, असं म्हणणं सोपं आहे, पण ते अर्धसत्य ठरेल. समुद्राच्या पोटात तेलाचं तळं नसतं. चुनखडीच्या बारीक छिद्रांत तेल मुरलेलं असतं. सुरुवातीला आतल्या दाबानं ते आपसूक वर येतं. दाब ओसरला की समुद्राचंच पाणी गाळून, शुद्ध करून वेगळ्या विहिरींतून खाली सोडतात, म्हणजे ते तेलाला पुढं रेटतं. काही वर्षांनी तेच पाणी तेलाबरोबर वर येऊ लागतं आणि हळूहळू तेल कमी, पाणी जास्त अशी गत होते. अशा वयाच्या क्षेत्रात ओतलेला बराचसा पैसा उत्पादन वाढवण्यात नव्हे, घसरण रोखण्यातच खर्ची पडतो. शिवाय लोखंडही म्हातारं होतं, आणि समुद्रात दुर्घटनेची किंमत जबर असते. 27 जुलै 2005 रोजी, मुंबई आदल्या दिवशीच्या पुरात अडकलेली असताना, बॉम्बे हाय नॉर्थ प्लॅटफॉर्मच्या वायुवाहिनीवर जहाज आदळलं. आगीत तो आख्खा प्लॅटफॉर्म गेला आणि 22 जणांचा जीव गेला. तेव्हा देखभालीच्या रकमेला कात्री लावून ताळेबंद सजवण्याचा मोह परवडणारा नाही.

जानेवारी 2025 मध्ये हे क्षेत्र चालवणाऱ्या ओएनजीसी या सरकारी कंपनीनं त्यासाठी ब्रिटनच्या बीपी या तेल कंपनीला दहा वर्षांकरता तांत्रिक साहाय्यक म्हणून निवडलं. मालकी आणि कामाचा ताबा ओएनजीसीकडेच आहे. दहा वर्षांत तेल-वायूचं एकत्रित उत्पादन 60 टक्क्यांपर्यंत वाढू शकेल, असा बीपीचा अंदाज आहे. परक्यांना बोलावलं म्हणून नाक मुरडण्याचं कारण नाही. आमची तक्रार उशिराबद्दल आहे, कारण मधल्या काळात पैसा भलतीकडे गेला. 2018 मध्ये ओएनजीसीला सरकारनं एचपीसीएल या तेलशुद्धीकरण कंपनीतला आपला हिस्सा 36,915 कोटींना घ्यायला लावला. त्यासाठी तिला कर्ज काढावं लागलं. सरकारची वित्तीय तूट सावरली, पण त्या व्यवहारातून तेलाचा एक थेंबही वाढला नाही.

प्रत्यक्ष उत्पादन वाढलं का, हाच निकष हरित ऊर्जेच्या बाबतीतही लावावा. 2038 पर्यंत स्वतःच्या कामकाजातलं निव्वळ कार्बन उत्सर्जन शून्यावर आणायचं आणि 2030 पर्यंत 10 गिगावॉट अक्षय ऊर्जा उभी करायची, असं कंपनीनं जाहीर केलं आहे. 2025 मध्ये एनटीपीसी ग्रीनच्या साथीनं तिनं सुमारे 4 गिगावॉटची अयाना ही कंपनी विकत घेतली. व्यवहार म्हणून तो ठीक असेलही. पण उभा असलेला सौरप्रकल्प एका खिशातून दुसऱ्या खिशात गेल्यानं देशाच्या विजेत भर पडत नाही. अयानाचे जे प्रकल्प पूर्ण व्हायचे आहेत, ते वेळेत उभे राहिले तरच ती भर पडेल.

देशाला लागणाऱ्या कच्च्या तेलापैकी 85 टक्क्यांहून अधिक आजही आयात होतं. सौर पॅनेलवर रिक्षा आणि ट्रक चालू लागेपर्यंत बॉम्बे हायमधलं प्रत्येक बॅरल तेवढं परकीय चलन वाचवतं. म्हणून ओएनजीसीनं दर तिमाहीला दोन आकडे वेगवेगळे जाहीर करावेत: काहीच केलं नसतं तर या क्षेत्रातून किती तेल निघालं असतं, आणि प्रत्यक्षात किती निघालं. कंपनी सरकारी आहे. तो हिशेब मागण्याचा हक्क संसदेला आहे आणि तो तिनं बजावावा.