खेळांतील दुर्मिळ जनावरें व नफ्याचा हिशेब

मनुष्यस्वभावाचा असा एक चमत्कारिक धर्म आहे कीं, जें घरोघर आढळतें त्याची त्यास किंमत वाटत नाहीं, आणि जें क्वचित् दृष्टीस पडतें त्यासाठीं तो हातचें सोडून धांवतो. या धर्माचें प्रत्यंतर आम्हांस गेल्या उन्हाळ्याच्या सुटींत अगदीं अनपेक्षित ठिकाणीं, म्हणजे संगणकावरील एका खेळांत, आलें. असल्या क्षुल्लक विषयासाठीं वार्षिकाचीं पानें खर्चीं घालावीं काय, अशी शंका कांहीं वाचकांस येईल. परंतु आमचे कित्येक शालाबंधु जो व्यवहार रोज संध्याकाळीं आवडीनें करतात, त्यापासून ते काय शिकतात याचा विचार विद्यार्थ्यांनीं करावयाचा नाहीं, तर कोणीं करावयाचा?

हा खेळ म्हणजे ‘स्टारड्यू व्हॅली’ होय. एरिक बॅरोन या अमेरिकन गृहस्थानें सुमारें साडेचार वर्षें एकट्यानें खपून तो रचला व २०१६ सालीं तो प्रसिद्ध झाला. आजोबांकडून मिळालेली पडीत जमीन कसावी, पिकें काढावीं, जनावरें पाळावीं आणि उत्पन्न विकून शेत वाढवावें, अशी त्याची सरळ योजना आहे. साधीं जनावरें ठराविक किंमतीस विकत मिळतात : कोंबडी ८०० नाण्यांस, गाय १५०० नाण्यांस, डुक्कर १६००० नाण्यांस. दुर्मिळ जनावरांची गोष्ट मात्र निराळी. काळ्या कोंबडीचें अंडें एखादे रात्रीं चेटकीण खुराड्यांत टाकून जाते, नाहीं तर गांवाखालच्या भुयारी गटारांत राहणाऱ्या एका प्राण्याकडून ५००० नाणीं मोजून घ्यावें लागतें. डायनोसॉरचें अंडें जमीन उकरतां उकरतां नशिबानें सांपडतें. शहामृग तर २०२० सालच्या अखेरीस खेळांत नव्यानें आला. त्याच्या पहिल्या अंड्यासाठीं समुद्रापलीकडील बेटावर जावें लागतें.

आम्ही तिघे मित्र मिळून एकच शेत करीत होतों. आमच्या खुराड्यांत बारा कोंबड्या होत्या, व त्याहून अधिक तेथें मावत नाहींत. पुढें एके दिवशीं डायनोसॉरचें अंडें सांपडलें. तें गांवच्या संग्रहालयास द्यावें कीं उबवावें, यावर आमचा वाद फार वेळ चालला नाहीं. अंडें उबलें, पिलूं झालें, आणि आम्हांस श्रीमंतीचीं स्वप्नें पडूं लागलीं. जागा व्हावी म्हणून आम्हीं एकामागून एक कोंबड्या विकण्यास आरंभ केला. त्यांत ‘बगळी’ नांवाची आमची पहिली पांढरी कोंबडी होती. रोज सकाळीं तिला कुरवाळल्यावांचून आम्ही शेताचें दुसरें काम करीत नसूं. ८०० नाण्यांस घेतलेली ती कोंबडी १०४० नाण्यांस गेली. आमच्यांतील एकानें ‘फायदा झाला’ म्हणून टाळी दिली. दुसरा मात्र कांहीं न बोलतां उठून पाणी पिण्यास गेला.

हा फायदा कोठून आला, हें आम्हीं मागाहून शोधून पाहिलें. खेळाचा नियम असा कीं, जनावराचा तुमच्यावर जितका जीव, तितकी त्याची विक्रीची किंमत अधिक. मुळींच जीव न लावलेली कोंबडी २४० नाण्यांस जाते. पूर्ण जीव लावलेली १०४० नाण्यांस. म्हणजे आम्हीं दररोज हात फिरवून जी माया जोडली, तिचेंच आठशें नाण्यांत रूपांतर झालें. जो विकतो त्यास मायेचा भाव मिळतो. जो विकत नाहीं त्यास केवळ माया मिळते. कोणता अधिक श्रीमंत, हें खेळ सांगत नाहीं.

असो. माया बाजूस ठेवून निव्वळ नाण्यांचाच हिशेब मांडला, तरी आम्ही फसलों होतों. डायनोसॉर सात दिवसांतून एकदां अंडें घालतो. तें तसेंच विकलें तर ३५० नाणीं येतात, आणि त्याचें मेयोनेज केलें तर ८०० येतात. साधी कोंबडी चांगली ठेविली तर रोज अंडें देते. तिच्या अंड्याचें मेयोनेज १९० नाण्यांस जातें. म्हणजे सात दिवसांचे १३३० झाले. अंडें मोठें असेल तर त्याच मेयोनेजचीं २८५ नाणीं होतात. चेटकिणीच्या काळ्या कोंबडीच्या मेयोनेजचीं नाणीं २७५ च. शहामृगाचें एक अंडें दहा बरण्या मेयोनेज देतें, म्हणजे सात दिवसांनीं १९०० नाणीं. हा आंकडा खरोखरच मोठा आहे. परंतु ज्या गोठ्यांत शहामृग राहतो त्याच गोठ्यांत राहणारें डुक्कर हिवाळा व पाऊस सोडून इतर दिवशीं जमिनींतून ट्रफल नांवाचें सुवासिक अळंबें उकरून काढतें, आणि तसलें एकच अळंबें ६२५ नाण्यांस जातें. ज्याकडे कोणी वळून पाहत नाहीं तें डुक्कर सर्वांत कमावतें, आणि ज्यासाठीं समुद्र ओलांडावा तें त्याच्या मागें राहतें! आम्हीं बगळीला विकलें तें नफ्यासाठीं नव्हे, नवलासाठीं. नफा हें केवळ आमच्या मनाचें समाधान होतें.

येथवर खेळ आम्हांस शहाणपणच शिकवितो, हें कबूल केलें पाहिजे. ज्या ठिकाणीं तो मुलांस फसवूं शकेल असें आम्हांस वाटतें, तीं ठिकाणें निराळीं आहेत. तेथें जनावर उपाशी राहिलें तर रुसतें, दूध-अंडीं देत नाहीं, पण भुकेनें मरत नाहीं. त्याहून महत्त्वाची गोष्ट म्हणजे तेथील बाजार कधीं उतरत नाहीं. एक अंडें न्या कीं हजार न्या, भाव तोच. सर्व गांव डायनोसॉर पाळूं लागलें तरी डायनोसॉर दुर्मिळाच्याच भावानें विकला जाईल. खऱ्या जगांत असें घडत नाहीं. दुर्मिळपणा हें असें पीक आहे कीं, तें सर्वांनीं पेरलें म्हणजे कोणाच्याच हातीं लागत नाहीं.

याचा दाखला शहामृगाच्याच इतिहासांत आहे. दक्षिण आफ्रिकेंतील औट्सहोर्न या गांवाच्या आसपास शहामृग पाळून त्यांचीं पिसें युरोपांतील स्त्रियांच्या टोप्यांसाठीं पाठविण्याचा मोठा धंदा चाले. सोनें, हिरे व लोंकर यांच्या खालोखाल, १९१३ च्या सुमारास, त्या देशाच्या निर्गतींत पिसांचा क्रम लागे. पिसांच्या पैशांवर तेथें वाडे उठले. परंतु पक्षी अतोनात वाढले, उघड्या मोटारगाड्यांत मोठ्या टोप्या गैरसोयीच्या वाटूं लागल्या, फॅशन बदलली, आणि १९१४ सालीं महायुद्धाची भर पडून सर्व बाजार कोसळला. पक्षी तेच, पिसेंहि तींच. पण घेणारा नाहींसा झाला.

इतकें दूर जाण्याचेंहि कारण नाहीं. ऑस्ट्रेलियांतील एमू हा पक्षी पाळण्याची लाट चालू शतकाच्या आरंभीं आपल्या देशांत आली, व महाराष्ट्रांतहि कित्येक शेतकऱ्यांनीं तारेचीं कुंपणें उभारलीं. पिलें आम्ही देऊं, मोठे पक्षी आम्हीच परत घेऊं, असें आश्वासन कंपन्या देत. तमिळनाडूंतील पेरुंदुराई येथें २०१२ सालीं असा एक मोठा व्यवहार कोसळला आणि हजारों लोकांचे पैसे बुडाले. एमूचें मांस व तेल घेणारा बाजार मुळीं पुरेसा नव्हताच. जुन्या गिऱ्हाइकाचा नफा नव्या गिऱ्हाइकाच्या खिशांतून येत होता.

आमच्या तिघांपैकीं एकाच्या काकांनीं त्या काळीं एमूच्या जोड्या घेतल्या होत्या. त्यासाठीं दावणीच्या दोन दुभत्या म्हशी विकल्या. पक्षी वाढले, खाद्याचा खर्च वाढला, आणि परत घेणारा माणूस कांहीं आला नाहीं. आज ते पक्षी नाहींत; तारेच्या कुंपणावर घरचे लोक धुणें वाळत घालतात. बगळीच्या विक्रीच्या वेळीं जो मित्र न बोलतां उठून गेला, तो हाच. आम्हीं त्यास मागाहून कारण विचारलें, तेव्हां तो इतकेंच म्हणाला, “म्हशी नेल्या त्या दिवशीं आमची आजी जेवली नव्हती.”

तेव्हां हा खेळ खेळूं नये असें आमचें म्हणणें नाहीं. रोजचें काम रोज करणें, खर्चाची नोंद ठेवणें, मुक्या जीवाची विचारपूस करणें या संवयी त्यांत लागतात, आणि त्या चांगल्याच आहेत. आमचें म्हणणें इतकेंच कीं, ज्यास पुढें खरी शेती किंवा खरा व्यापार करावयाचा आहे, त्यानें पडद्यावरील शेत सोडतांना तीन प्रश्न बरोबर घेऊन उठावें. हें जनावर दुर्मिळ आहे खरें, पण त्याचें उत्पन्न घेणारा कोण? शेजाऱ्यांनींहि तेंच पाळलें तर भाव काय राहील? आणि त्याच्यासाठीं जागा करावयाची म्हणून आज गोठ्यांतून कोण बाहेर जात आहे? पहिल्या दोन प्रश्नांचीं उत्तरें हिशेबाच्या वहींत सांपडतील. तिसऱ्याचें उत्तर मात्र गोठ्यांत जाऊनच पाहावें लागेल.

सुटी संपण्यापूर्वीं आम्हीं एक नवी पांढरी कोंबडी घेतली. तिचेंहि नांव बगळीच ठेविलें. पण ती पहिली नव्हे, हें आम्हां तिघांसहि ठाऊक आहे.