अनोळखी डीएलएल फाईल दिसली? डिलीट करण्याआधी हे वाचा

कोरपन्यातलं सेतू केंद्र असो की गडचांदूरचं नेट कॅफे, एकाच कॉम्प्युटरवर दिवसभर लोकांचे आधार आणि सातबारे उघडले जातात. तिथे अनोळखी डीएलएल फाईल दिसली तर?

डीएलएल म्हणजे अनेक प्रोग्रॅम मिळून वापरतात तो कोड. तपशिलात 'मायक्रोसॉफ्ट' लिहिलंय यावर जाऊ नका, ते कुणीही लिहू शकतं. राइट क्लिक करून प्रॉपर्टीजमध्ये 'डिजिटल सिग्नेचर्स' बघा. गंमत म्हणजे विंडोजच्याच बऱ्याच फाईल्समध्ये हा टॅब नसतो. त्यांची सही वेगळ्या कॅटलॉग फाईलमध्ये असते. त्यामुळे टॅब नाही म्हणून घाईने डिलीट केलंत, तर विंडोजच बंद पडू शकतं.

पण सही असली म्हणजे फाईल सुरक्षित? तेही नाही. 2020 मध्ये सोलरविंड्स कंपनीच्या अपडेटमधून हेरगिरीचा कोड असलेली डीएलएल गेली, तीही कंपनीच्याच खऱ्या सहीसह. ती 18,000 पेक्षा कमी ग्राहकांपर्यंत पोचली असावी, असं कंपनीनेच सांगितलं.

शंका असेल तर फाईलचा हॅश, म्हणजे तिचा अंगठ्याचा ठसाच, पॉवरशेलमधून काढून व्हायरसटोटलवर शोधा. गिऱ्हाइकाचं आधार मात्र तिथे अपलोड करू नका. तिथे टाकलेल्या फाईल्स इतरांनाही डाउनलोड करता येतात.