पासपोर्टचा अर्ज शाळेच्या रजिस्टरात सुरू होतो

रत्नागिरी जिल्ह्यातल्या मुस्लिम घरांना पासपोर्ट काही नवा नाही. राजिवडा, कर्ला, साखरी नाटे, काळुस्ते, बाणकोट, कुठल्याही मोहल्ल्यात जा. आजोबा बोटीवर होते, वडील कुवेत किंवा दुबईला, आता मुलगा कतारला, असं घर सापडतंच. 2011 च्या जनगणनेत या जिल्ह्यात दर हजार पुरुषांमागे 1,122 स्त्रिया होत्या, म्हणजे राज्यात सर्वात जास्त. याचं मोठं कारण म्हणजे सगळ्याच समाजांतले कमावते पुरुष मुंबईला गेलेले, आणि आपल्यातले बरेचसे समुद्रापार.

पण अलीकडे पासपोर्टची चौकशी करणारे बदललेत. ज्यांना नोकरीला जायचं नाही, ज्यांचा हजचा इरादाही इतक्यात नाही, अशी माणसं विचारतात, "काढून ठेवला तर बरं ना?" घरातल्या सत्तर वर्षांच्या नानीचा पासपोर्ट काढायची घाई सुरू होते. या प्रश्नामागे प्रवास नाही, धास्ती आहे.

ही धास्ती हवेतून आलेली नाही. 2025 च्या जूनमध्ये निवडणूक आयोगाने बिहारमध्ये मतदार याद्यांची विशेष सखोल फेरतपासणी सुरू केली. तिथे ग्राह्य धरलेल्या अकरा कागदपत्रांत पासपोर्ट होता, जन्माचा दाखला होता, दहावीचं प्रमाणपत्र होतं; आधार मात्र नव्हतं. ते सर्वोच्च न्यायालयाच्या आदेशानंतर सप्टेंबरमध्ये ओळखीचा पुरावा म्हणून जोडलं गेलं. मधल्या काळात, ऑगस्टमध्ये, मुंबई उच्च न्यायालयाने एका जामीन प्रकरणात स्पष्ट केलं की आधार, पॅन किंवा मतदार ओळखपत्र जवळ आहे एवढ्यावरून कुणी भारताचा नागरिक ठरत नाही. या बातम्या व्हॉट्सअॅपवर फिरल्या आणि लोकांनी निष्कर्ष काढला: पासपोर्ट काढा, सुटलात.

पासपोर्ट हा वजनदार कागद आहे, यात शंका नाही. पण तो स्वतःच्या पायावर उभा राहत नाही. त्याच्याखाली जन्माची नोंद, शाळेचा दाखला आणि पोलीस पडताळणी असते. खालचे कागद एकमेकांशी जुळत नसतील तर पुस्तिका हातात येण्याआधीच अर्ज अडकतो, किंवा आली तरी पुढे कधीतरी अडचण उभी राहते. म्हणून पासपोर्टची गोष्ट पासपोर्टच्या खिडकीवर सुरू होत नाही. ती तीन जुन्या ठिकाणी ठरते: जन्मनोंदीचं रजिस्टर, शाळेचं जनरल रजिस्टर आणि दहावीचा निकाल.

जन्मनोंद: 21 दिवसांचं काम

केंद्र सरकारने फेब्रुवारी 2025 मध्ये पासपोर्ट नियम बदलले. 1 ऑक्टोबर 2023 किंवा त्यानंतर जन्मलेल्या मुलांसाठी जन्मतारखेचा पुरावा म्हणून आता फक्त जन्माचा दाखलाच चालेल. त्याआधी जन्मलेल्यांना शाळा सोडल्याचा दाखला, दहावीचं प्रमाणपत्र, पॅन, वाहन परवाना, मतदार ओळखपत्र असे पर्याय अजूनही आहेत. तेव्हा "जन्माचा दाखला नाही म्हणून अम्मीला पासपोर्टच मिळणार नाही" ही जी अफवा फिरते, ती चूक आहे.

पण दोन-तीन वर्षांचं जे मूल आज अंगणात खेळतंय, त्याच्या बाबतीत पळवाट उरलेली नाही. कायद्याप्रमाणे जन्माची नोंद 21 दिवसांत फुकट होते. त्यानंतर 30 दिवसांपर्यंत विलंब शुल्क, वर्षाच्या आत वरच्या अधिकाऱ्याची लेखी परवानगी, आणि वर्ष उलटलं की जिल्हाधिकारी किंवा प्रांताधिकाऱ्याच्या पातळीवरचा आदेश. 21 दिवसांत एका फेरीत होणारं काम पुढे महिनोन् महिने लटकतं.

कोकणात यात एक खास गोंधळ होतो. आपल्याकडे पहिल्या बाळंतपणाला मुलगी माहेरी येते. सासर दापोलीचं, माहेर राजापूरचं आणि प्रसूती रत्नागिरीच्या दवाखान्यात. नोंद कुठे शोधायची? जन्म जिथे झाला तिथे. रत्नागिरी शहरात झाला असेल तर नगर परिषदेत, गावात झाला असेल तर त्या ग्रामपंचायतीत. सासरच्या ग्रामसेवकाकडे हेलपाटे घालून उपयोग नाही. दुसरं म्हणजे पुष्कळ दाखल्यांवर बाळाचं नावच नसतं, कारण नाव ठेवण्याआधी नोंद झालेली असते. नाव नंतर घालता येतं, त्याला 15 वर्षांपर्यंत मुदत आहे. पण शाळेत घालण्यापूर्वी ते घातलं तर दोन्हीकडे एकच नाव लागतं.

आता राज्यातली परिस्थिती. मालेगावातल्या तक्रारींनंतर जानेवारी 2025 मध्ये राज्य सरकारने विशेष तपास पथक नेमलं आणि उशिरा नोंदीचे दाखले देणं थांबवलं. मार्चमध्ये नवी, कडक कार्यपद्धती आली: पुरावे जास्त, पोलीस चौकशी, खोट्या माहितीवर गुन्हा. वर्षअखेरीस केवळ आधारच्या जोरावर दिलेले दाखले रद्द करण्याचे आदेशही निघाले. बनावट दाखला देणाऱ्या-घेणाऱ्यावर कारवाई व्हायलाच हवी, याबद्दल दुमत नाही. पण याच चाळणीतून ती बाईही जाते, जी साठ वर्षांपूर्वी घरात, सुईणीच्या हातून जन्मली आणि जिच्या बापाला ग्रामपंचायतीत नोंद करायची असते हेच ठाऊक नव्हतं. तिच्याकडे संशयाने पाहिलं जाऊ नये, एवढी अपेक्षा प्रशासनाकडून ठेवणं गैर नाही. आणि आपल्याकडून अपेक्षा ही की एजंटाला पैसे देऊन "बनवून" घेतलेला दाखला घरात येऊ देऊ नये. पासपोर्ट कायदा 1967 च्या कलम 12 प्रमाणे खोटी माहिती देऊन पासपोर्ट घेणं हा दोन वर्षांपर्यंतच्या कैदेचा गुन्हा आहे.

नाव: एकाच माणसाची चार स्पेलिंगं

आपली नावं अरबी-फारसीतून येतात, घरात उर्दूत लिहिली जातात, तलाठ्याकडे मराठीत आणि पासपोर्टवर इंग्रजीत. या तीन लिपींच्या प्रवासात एकच माणूस मोहम्मद, महंमद, मुहम्मद होतो आणि इंग्रजीत नुसता 'एमओएचडी' उरतो. फातिमाची फातेमा होते, खदीजाची खतीजा, अब्दुर्रहमानचा अब्दुल रहेमान. घरात कुणाचं काही बिघडत नाही. संगणकाला मात्र ती वेगवेगळी माणसं वाटतात.

शाळेत प्रवेशाच्या दिवशी बहुतेक वेळा चाचा किंवा शेजारी मुलाला घेऊन येतो. नाव तोंडी सांगितलं जातं आणि समोरचा जसं ऐकेल तसं लिहितो. तेच नाव पुढे दहावीच्या प्रमाणपत्रावर जातं, तिथून पासपोर्टवर. मूल शाळेत असेपर्यंत मुख्याध्यापकांमार्फत, पुरावा जोडून दुरुस्ती होऊ शकते. शाळा सोडल्यावर तेच काम प्रतिज्ञापत्र, गॅझेट आणि बोर्डाच्या फेऱ्यांत जातं. आठवी-नववीतच मुलाचा जन्मदाखला, आधार आणि शाळेतली नोंद शेजारी शेजारी ठेवून अक्षर न् अक्षर जुळवून पाहावं. बोर्डाचा अर्ज भरण्याआधीची ही शेवटची सोपी संधी.

आडनावाचंही तसंच. नोव्हेंबर 2022 मध्ये संयुक्त अरब अमिरातीने नियम केला की पासपोर्टवर एकच नाव असलेल्या, म्हणजे नाव किंवा आडनाव यापैकी एक रकाना कोरा असलेल्या प्रवाशाला व्हिजिट व्हिसावर प्रवेश नाही. नंतर खुलासा आला की दुसऱ्या पानावर वडिलांचं किंवा कुटुंबाचं नाव असेल तर चालेल. पण दरम्यान लोकांची धावपळ झालीच. कोकणातल्या पुरुषांना मुकादम, काझी, पारकर अशी आडनावं असतात. अडचण येते ती जुन्या बायकांच्या कागदांत, जिथे नुसतं 'हमीदाबी' लिहिलेलं असतं. नवा अर्ज करताना किंवा नूतनीकरणाच्या वेळी दोन्ही रकाने भरलेत ना, हे पाहून घ्यावं.

दहावी: पासपोर्टवरचा शिक्का

शिक्षक म्हणून सर्वात जास्त तळमळीने सांगावंसं वाटतं ते याबद्दल. दहावी नापास किंवा शाळा सोडलेल्या तरुणाच्या पासपोर्टवर 'ईसीआर' अशी नोंद येते. अर्थ असा की आखातातल्या सहाही देशांसह सरकारने ठरवलेल्या देशांत नोकरीसाठी जायचं तर 1983 च्या एमिग्रेशन (उत्प्रवासन) कायद्याखाली आधी परवानगी घ्यावी लागते. दहावी पास असेल तर ही अट नाही. पन्नास वर्षांवरच्यांना आणि तीन वर्षं परदेशात राहून आलेल्यांनाही सूट मिळते.

2018 च्या जानेवारीत सरकारने ईसीआर वाल्यांना वेगळ्या, नारिंगी रंगाचा पासपोर्ट देण्याचं ठरवलं होतं. कमी शिकलेल्या मजुराला दुय्यम ठरवणारा हा प्रकार आहे म्हणून देशभर टीका झाली आणि महिना संपण्याआधी निर्णय मागे घेतला गेला. रंग टळला, पण दहावीची रेषा तशीच राहिली.

ईसीआर म्हणजे शिक्षा आहे, असं आपले लोक समजतात. खरं तर ती परवानगी मजुराच्या रक्षणासाठी आहे. ई-मायग्रेट या सरकारी व्यवस्थेत त्याचा करार नोंदला जातो. प्रवासी भारतीय विमा योजनेत दोन वर्षांसाठी अवघ्या 275 रुपयांत 10 लाखांचं अपघाती संरक्षण मिळतं. नोंदणीकृत एजंटाला 30 हजार रुपये आणि त्यावरचा जीएसटी यापेक्षा जास्त सेवाशुल्क घेता येत नाही. फसवणूक होते ती हा रस्ता सोडून व्हिजिट व्हिसावर नोकरीला पाठवणाऱ्या एजंटाच्या हाती लाख-दीड लाख ठेवल्यावर. तिथे पगार बुडाला किंवा मालकाने पासपोर्ट काढून घेतला तर नोंदलेला करारच नसतो. लक्षात असू द्या, पासपोर्ट ही भारत सरकारची मालमत्ता असते. तो अडकवून ठेवायचा हक्क कुठल्याही मालकाला नाही.

म्हणून नववीतून मुलाला काढून "मामूकडे दुबईला पाठवतो" म्हणणाऱ्या पालकांना एकच सांगणं: दहावी होऊ द्या. एकदा नापास झाला तरी परत बसवा. दहावीचे ते पेपर त्याच्या पासपोर्टवर आयुष्यभर दिसणार आहेत.

नूतनीकरण, हज आणि काही व्यवहाराच्या गोष्टी

प्रौढांचा पासपोर्ट दहा वर्षांचा, मुलांचा पाच वर्षांचा किंवा अठरा वर्षं पूर्ण होईपर्यंतचा. मुदत संपायच्या आधी वर्षभर नूतनीकरणाचा अर्ज करता येतो. आखाती देश आणि विमान कंपन्या निदान सहा महिन्यांची वैधता मागतात, त्यामुळे शेवटच्या महिन्याची वाट पाहू नये. हजचंही तेच. 2009 पासून हजला स्वतःचा आंतरराष्ट्रीय पासपोर्ट लागतो. पूर्वीचा हज पिलग्रिम पास बंद झाला. हज कमिटीचा अर्ज निघाल्यावर पासपोर्टसाठी धावणारे दरवर्षी दिसतात. नियत केली त्याच वर्षी कागद पाहायला घ्यावेत.

छत्तीस पानी पासपोर्टची सरकारी फी 1,500 रुपये, तत्काळ हवा असेल तर वर 2,000. अर्जाची सरकारी वेबसाइट एकच, पासपोर्टइंडिया डॉट जीओव्ही डॉट इन. तिच्यासारख्या दिसणाऱ्या खाजगी साइट जास्त पैसे घेतात आणि माहितीही घेतात. नवे पासपोर्ट आता चिप असलेले ई-पासपोर्ट आहेत, पण जुन्याची मुदत शिल्लक असेल तर तो बदलण्याची गरज नाही.

वडील परदेशात आणि आई इथे, हे तर कोकणातलं नेहमीचं चित्र. मुलाच्या अर्जात दोघांची संमती अनुसूची 'डी' वर लागते. वडिलांची सही मिळणं शक्य नसेल तर आई अनुसूची 'सी' वर कारण लिहून एकटी अर्ज करू शकते. हे ठाऊक नसल्यामुळे कितीतरी आया वडिलांच्या सुट्टीची वाट बघत राहतात.

आणखी एक नाजूक मुद्दा. भांडणातला किंवा आंदोलनातला एखादा खटला कोर्टात चालू असेल तर काही तरुण तो अर्जात लपवतात. पोलीस पडताळणीत तो निघतोच आणि मग माहिती दडवल्याचा ठपका वेगळा बसतो. खटला प्रलंबित असला तरी कोर्टाची परवानगी घेऊन पासपोर्ट मिळू शकतो, तशी 1993 ची अधिसूचना आहे. परदेशी जाण्याचा हक्क हा जगण्याच्या स्वातंत्र्याचा भाग आहे, हे सर्वोच्च न्यायालयाने 1967 मध्ये सतवंत सिंग साहनी आणि 1978 मध्ये मनेका गांधी खटल्यात सांगितलेलं आहे. हक्क आहे, तर तो खरं सांगूनच मागावा.

जमातीने काय करावं

आपल्या प्रत्येक गावात जमात आहे. मय्यतीपासून निकाहपर्यंत सगळ्या व्यवस्था ती चोख पार पाडते. कागदांचं कामही तिने अंगावर घ्यावं. महिन्यातून एका जुम्म्यानंतर गावातले दोन शिकलेले तरुण आणि एक शिक्षक तासभर बसले तरी पुरे. गावात नवं बाळ आलं की 21 दिवसांत नोंद झाली का ते विचारायचं. नववीच्या मुलांची नावं जुळतात का ते पाहायचं. दहावी अर्धवट सोडलेल्यांची यादी करून त्यांना पुन्हा परीक्षेला बसवायचं. एकट्या राहणाऱ्या म्हाताऱ्या बायकांचे जुने कागद प्लास्टिकच्या पाकिटात नीट लावून द्यायचे. कोकणच्या पावसात वाळवीने आणि ओलीने खाल्लेले दाखले कमी नाहीत.

याला पैसा लागत नाही, वकील लागत नाही. भीतीने रांगेत उभं राहणाऱ्या माणसाला कुणीही एजंट लुटतो. ज्याचे कागद जुळलेले आहेत, त्याला पासपोर्ट आज हवा असो की दहा वर्षांनी, तो स्वतः अर्ज भरून स्वतःच्या पायांनी खिडकीपर्यंत जातो.